एक हात म्हणजे एक सेकंद: काळाला आकार देणाऱ्या यंत्राविषयी

तुमचा प्रश्न मला समजला तो असा. तुम्ही दिवाळी अंकासाठी विज्ञानकथा लिहिताय. नायिका मिरजेतल्या तंबोरे बनवणाऱ्या घरातली आहे. तिनं एक यंत्र तयार केलंय, ‘कालशिल्पी’. समोर बसलेल्या माणसांचा काळ ती त्यावर ताणते, आवळते, घडवते, आणि मैफलीला यावं तसे लोक ते अनुभवायला येतात. पण ज्यांनी खर्डा वाचला ते सगळे म्हणतात, “म्हणजे टाइम मशीनच की.” तुम्हाला दोन गोष्टी हव्या आहेत: ही बाई यंत्रापाशी बसून नेमकं काय करत असेल, आणि ती कला आहे हे वाचकाला कसं पटावं.

मी तीस वर्षं चित्रपटांचं संकलन करतोय. सुरुवात फिल्मवर झाली, पुढे संगणक आला. काळ कापणं आणि जोडणं हेच रोजचं काम, म्हणून तुमचा प्रश्न वाचून राहवलं नाही.

टाइम मशीनशी असलेलं साम्य ही तुमची खरी अडचण नाही असं मला वाटतं. खरी अडचण अशी, की तुमच्या यंत्रात काळ फारच मऊ आहे. तुम्ही दिलेल्या उताऱ्यात नायिका चकती फिरवते आणि क्षण लांबतो. लगेच, हवा तेवढा, काही न मोडता. लाकूड रंध्याला अडतं म्हणून सुताराचा हात कळतो. गळा अडतो म्हणून गवयाची मेहनत कळते. तुमच्या नायिकेला काळ कुठेच अडवत नाही, त्यामुळे ती कलावंत आहे की नुसती बटण दाबणारी, हे वाचकाला ठरवता येत नाही. मग तो ओळखीच्या खणात टाकतो: टाइम मशीन.

आता, बरंचसं तुमच्या कथेवर अवलंबून आहे. यंत्र खरोखरचा काळ बदलतं, की माणसाला जाणवणारा काळ बदलतं? खोलीतली मेणबत्तीही सावकाश जळते, की फक्त बघणाऱ्याला तसं वाटतं? हे तुम्ही ठरवायला हवं. माझा अनुभव दुसऱ्या प्रकारचा आहे. पण पहिल्याबद्दलही थोडं सांगता येईल, कारण कॅमेरा ते काम एका मर्यादेत शंभरहून अधिक वर्षं करतो आहे.

आधी हाताबद्दल. आम्ही स्टीनबेक नावाच्या जर्मन बनावटीच्या टेबलावर काम करायचो. आडव्या फिरणाऱ्या प्लेटी, त्यांवर चित्राची आणि आवाजाची फिल्म, मध्ये छोटा पडदा. प्रोजेक्टरमध्ये फिल्म दर चौकटीला, म्हणजे फिल्मवरच्या एकेका स्थिर चित्राला, थांबते. इथे ती अखंड वाहत असते आणि आत फिरणारा काचेचा लोलक प्रत्येक चौकट डोळ्यापुरती स्थिर करतो. ३५ मिलिमीटरच्या फिल्मच्या एका फुटात १६ चौकटी बसतात आणि सेकंदाला २४ चौकटी पळतात, म्हणजे सेकंदाला दीड फूट. दीड फूट म्हणजे १८ इंच. आपल्याकडचा जुना ‘हात’ एवढाच असतो, कोपरापासून मधल्या बोटाच्या टोकापर्यंत. एक हात म्हणजे एक सेकंद, एक वीत म्हणजे अर्धा. मी ज्यांच्या हाताखाली शिकलो ते पडद्याकडे न बघता फिल्म कोपराशी धरायचे, बोटापर्यंत ताणायचे आणि म्हणायचे, “दीड हात दे, जास्त नको.” त्यांना काळ हातात लागत होता.

तुमच्या नायिकेला असं काहीतरी द्या. तिच्या घरात लाकूड, भोपळा, तारा, सुती दोरा आहे, तेव्हा तिच्या यंत्रात काळ कशावर तरी गुंडाळलेला असू दे, त्याला जाडी असू दे. आणि तिनं सेकंद-मिनिटं का मोजावीत? आपल्याकडे घटका, पळ, विपळ आहेत. घटका २४ मिनिटांची, तिचा साठावा भाग पळ, म्हणजे २४ सेकंद, आणि पळाचा साठावा भाग विपळ. एक विपळ ०.४ सेकंदाचं, फिल्मवर जेमतेम दहा चौकटी, वितीपेक्षा थोडी कमी. संवाद संपल्यावर चेहरा अजून दहा चौकटी ठेवायचा की नाही, यावर आम्ही अख्खी दुपार घालवलेली आहे. त्या दहा चौकटींत माणूस खोटं बोलला हे कळतं किंवा कळत नाही. विपळ हे माप आमच्या कामासाठीच बनवलंय असं मला कित्येकदा वाटतं.

आता कलेचा गाभा. काळाला आकार देणं म्हटलं की सगळ्यांना वेग कमी-जास्त करणं आठवतं. मलाही सुरुवातीला तसंच वाटायचं. ते एका भाकरीनं दुरुस्त केलं.

ऊसतोड कामगारांवरचा माहितीपट होता. पहाटेचा प्रसंग, कोपीबाहेर, म्हणजे त्यांच्या झोपडीबाहेर, चूल, एक बाई बाजरीच्या भाकरी करतेय. भाकरी तव्यावर टाकते, वरून पाण्याचा हात फिरवते, पाणी सुकेपर्यंत थांबते, मग उलटते. ते थांबणं ११ सेकंदांचं होतं. मला फार वाटलं. मी त्यातलं सहा सेकंदच ठेवलं आणि मध्ये झोपलेल्या पोराचं तीन सेकंदांचं दृश्य घातलं. एकूण नऊ. चार-पाच जणांना दाखवलं तर नेमक्या तिथेच खुर्च्या करकरल्या. सगळ्यांचं मत एकच: इथे लांबलंय, अजून कापा.

मी रात्री तो तुकडा पुन:पुन्हा पाहिला. भाकरीवरचं पाणी सुकताना चकाकी कडेकडून आटत मध्याकडे येते. वाटीएवढी राहते, मग रुपयाएवढी, मग नाहीशी होते, आणि त्याच क्षणी बाईचा हात पुढे येतो. प्रेक्षक ती चकाकी बघत होता. तिच्यावरून त्याला कळत होतं की किती उरलंय. ते पाणी म्हणजे त्या प्रसंगातलं घड्याळ होतं आणि मी घड्याळच कापून टाकलं होतं. दुसऱ्या दिवशी पोर काढून टाकलं आणि ११ सेकंद जसेच्या तसे परत लावले. त्याच लोकांनी पाहिलं आणि विचारलं, “आता बरं झालं, किती कापलंत?” मी दोन सेकंद वाढवले होते.

म्हणजे आकार दिला जातो तो माणसाच्या वाट पाहण्याला. किती वेळ गेला यापेक्षा, कशाची वाट पाहतोय आणि ते किती जवळ आलंय हे त्याला दिसतंय का, यावर सगळं ठरतं. तुमच्या नायिकेचं कौशल्य इथे असायला हवं. समोरच्याला कशाची वाट पाहायला लावायची आणि ती नेमकी कोणत्या विपळाला संपवायची, हे तिला कळतं.

आपल्या गाण्यात हे फार पूर्वीपासून आहे. विलंबित एकतालाच्या बारा मात्रा कधी कधी इतक्या सावकाश चालतात की एक आवर्तन मिनिटभर पुरतं. तरी जाणता श्रोता कंटाळत नाही, कारण ठेका त्याच्या अंगात चालू असतो. गवई मुखडा, म्हणजे बंदिशीची सुरुवातीची ओळ, उचलतो तेव्हा सम, म्हणजे आवर्तनाची पहिली मात्रा, किती मात्रांवर आहे हे श्रोत्याला ठाऊक असतं, आणि समेवर शंभर माना एकदम हलतात. त्या शंभर जणांना मिनिटभर एकाच क्षणाकडे घेऊन येणं, हे कालशिल्प नाही तर काय? तुमची नायिका तंबोऱ्याच्या घरातली आहे, तिला हे कुणी वेगळं शिकवायला नको.

म्हणून माझी एक सूचना. तिच्या प्रयोगात घटिकापात्र आणा. तांब्याची वाटी, बुडाला बारीक भोक, पाण्यानं भरलेल्या घंगाळात तरंगत ठेवायची. पाणी आत शिरत जातं आणि एका घटकेनं वाटी बुडते. पूर्वी लग्नाचा मुहूर्त यावर साधायचे. काळ डोळ्यांनी दिसावा असं याहून साधं यंत्र मला माहीत नाही. तुमच्या खर्ड्यात नायिका प्रयोगाची सगळीच २४ मिनिटं वळवते. मी असतो तर तिला शेवटचं पळ सोडून कशालाही हात लावू दिला नसता. आधीचा वेळ नेहमीच्या गतीनं जाऊ दे. लोक चुळबुळतील, खोकतील, त्यांना घरची आठवण येईल. मग वाटीचा काठ पाण्याच्या पातळीला येतो, पाणी काठावर फुगीर होऊन थांबतं, आणि तिथे ती यंत्राला हात घालते. त्या २४ सेकंदांतल्या साठ विपळांमधलं ती कुठलं किती धरून ठेवते, यात तिची कला दिसेल. सगळी सारखी ताणली तर ते यंत्राचं काम झालं.

खरोखरचा काळ बदलायचा ठरवलात, तर त्याची किंमत दाखवा. संथ चित्रण करायचं तर कॅमेरा जास्त वेगानं चालवतात. सेकंदाला ९६ चौकटी घेऊन २४ नं दाखवल्या की हालचाल चौपट संथ होते. पण मग प्रत्येक चौकटीला प्रकाश एक चतुर्थांशच मिळतो. तो भरून काढायला चौपट दिवे लावावे लागतात, नाहीतर चित्र अंधारतं. तुमच्या नायिकेनं समोरचा काळ चौपट ताणला, तर तेवढाच उजेड चौपट वेळात वाटला जाणार, म्हणजे खोली मंद होणार. आवाजाचंही तसंच. गती निम्मी झाली की स्वर एक सप्तक खाली येतो. पुन्हा निम्मी केली की आणखी एक. पुरुषाचा १२० कंपनांचा आवाज तीनदा निम्मा केला तर १५ वर येतो, आणि साधारण २० च्या खाली आपला कान ऐकत नाही. म्हणजे आठपट ताणलेल्या क्षणात समोरचा माणूस बोलत राहील आणि शब्दांऐवजी नुसती खोल घरघर ऐकू येईल. तंबोरे जुळवणाऱ्या बाईला हे सगळ्यात आधी कानानं कळेल. ती चकतीवरचे आकडे वाचणार नाही. षड्ज, म्हणजे ‘सा’, कुठे उतरला यावरून किती ताणलंय ते सांगेल.

दुसरी किंमत आम्हाला रोज मोजावी लागायची. चित्र आणि आवाज वेगवेगळ्या फिल्मवर असायचे. चित्रातून तीन चौकटी काढल्या की आवाजातूनही तितक्याच काढायच्या, नाहीतर तिथून पुढे सबंध रिळात ओठ एकीकडे आणि शब्द दुसरीकडे. तुमच्या खर्ड्यात प्रेक्षकांचा काळ ताणला जातो, पण दारात उभ्या असलेल्या चहावाल्या पोराचं काय होतं? बसलेल्या बाईच्या पोटातल्या बाळाचं? एकाचा काळ हलला की बाकीच्यांचा जुळवून घ्यावा लागतो, आणि तो जुळवताना कुठेतरी सांधा राहतो. कथेतला संघर्ष शोधायला तुम्हाला लांब जावं लागणार नाही, तो या सांध्यातच आहे.

आणि कापलेला काळ जातो कुठे? आमच्याकडे याचं उत्तर डोळ्यांसमोर टांगलेलं असायचं. कापडी अस्तराची मोठी टोपली, वरच्या दांडीला बारीक खिळ्यांची रांग, प्रत्येक खिळ्याला काढलेल्या फिल्मच्या पट्ट्या. कडेवर चायनाग्राफ नावाच्या मेणाच्या पेन्सिलनं केलेल्या खुणा. चित्रपट पूर्ण होईपर्यंत त्यातला एकही तुकडा टाकायचा नाही. एकदा तीन चौकटींचा तुकडा हरवला, सव्वादोन इंचांचा. सहायक आणि मी संध्याकाळभर फरशीवर गुडघे टेकून शोधत होतो. शेवटी तो टोपलीच्या अस्तराच्या दुमडीत मिळाला. एका म्हाताऱ्या माणसाचं नजर वळवणं होतं त्यात, आणि ते नसतं तर तो प्रसंग उभाच राहिला नसता. तुमच्या नायिकेच्या घरात अशी एक खोली असावी असं मला फार वाटतं. लोकांच्या वेळातून तिनं जे काढलं ते तिथे टांगलेलं असेल, खुणा करून, नीट. मालकांना माहीतही नसेल. ते परत द्यायचं की नाही, हा प्रश्न तिला कधीतरी पडेलच.

तुम्ही यंत्राला ‘पूर्ववत करा’ अशी कळ दिली आहे, ती कृपा करून काढा. संगणकावर ही सोय आल्यापासून मीही ती दिवसात शेकडो वेळा वापरतो, आणि तिनं खूप दिलंय. चार पर्याय करून बघता येतात, पूर्वी एकाचीच हिंमत व्हायची. पण टेबलावर हजार फुटांचं रीळ, म्हणजे सुमारे ११ मिनिटांचं चित्र, मागे गुंडाळायला वेळ लागायचा. त्या वेळात सगळा प्रसंग उलटा डोळ्यांसमोरून जायचा आणि मनात निर्णय पिकायचा. माझे बरेचसे चांगले निर्णय त्या गुंडाळण्यात झालेत. तुमच्या नायिकेचं यंत्र जिवंत माणसांच्या काळावर चालतं. तिथे कापलं ते कापलं. लोक दाराबाहेर पडले की ते शिल्प संपलं, मैफलीसारखं. ही भीती तिच्या बोटांत असेल तर वाचकालाही ती जाणवेल.

राहिला टाइम मशीनचा आक्षेप. त्यासाठी एक खरी गोष्ट सांगतो. दादासाहेब फाळक्यांनी पहिला कथाचित्रपट काढण्याआधी, १९१२ मध्ये, कुंडीत वाटाणा पेरला आणि ठरावीक अंतरानं त्याची एकेक चौकट टिपत राहिले. कित्येक दिवसांची वाढ पडद्यावर मिनिटभरात दिसली. पुढच्या चित्रपटासाठी पैसे उभे करताना त्यांनी तेच दाखवलं. हे चित्रण मला फार मोलाचं वाटतं, कारण त्यात ते कुठेही गेले नाहीत. ना मागे, ना पुढे. एका कुंडीपाशी थांबून राहिले आणि जे आपल्या डोळ्यांच्या गतीला दिसत नाही ते दिसेल असं केलं. काळात प्रवास करणाऱ्याला कुठेतरी पोचायचं असतं. तुमची नायिका जागची हलत नाही, तिला आहे तोच क्षण नीट दाखवायचा आहे. हा फरक समजावून सांगणारं वाक्य कथेत घालू नका. तिला पूर्ण कथाभर एकाच खोलीत ठेवा, बाकीचं वाचक समजून घेईल.

सुरुवात कुठून करावी असं तुम्ही शेवटी विचारलंय. मी यंत्रापासून करणार नाही. तंबोऱ्याच्या घोडीवर तारेखाली सुती दोरा सरकवतात ते तुमच्या नायिकेनं लहानपणापासून पाहिलेलं असणार. दोरा केसभर इकडे, केसभर तिकडे. एका जागी तार मुकी वाटते, आणि एका जागी अचानक उघडते. मग तार छेडली की बोट निघून गेल्यावर स्वर उमलायला लागतो, भरत जातो, त्यातून दुसरे स्वर डोकावतात. छेडणं आधी आणि स्वर नंतर, यामधला जो वेळ आहे तो तिच्या आजोबांनी दोऱ्यानं घडवला. नात हे बघत बसलीय, सात-आठ वर्षांची, जेवायला हाक मारली तरी उठत नाही. या प्रसंगाला दोन पानं द्या, घाई करू नका.

खर्डा नव्यानं लिहिलात तर घटिकापात्राचा प्रसंग मला पाठवा. ते शेवटचं पळ मोठ्यानं वाचून मला माझ्या हातावर मोजून बघायचंय.